एक्केचाळीस सेकंद

मी 'एक्केचाळीस सेकंद' असं सांगितलं. मला काहीही माहीत नव्हतं.

रायपूरजवळच्या उरला गावी, रेल्वे फाटकावर उभं राहून, एका हातात स्टॉपवॉच आणि दुसऱ्या हातात गरम भज्यांनी भरलेला पानांचा दोना धरून मी हे सांगितलं आणि माझ्यावर विश्वास ठेवण्यात आला. माझ्यावर विश्वास ठेवणाऱ्यांचं पुढे काय होतं याची यादी माझ्या बायकोकडे आहे. पण हे प्रकरण त्या यादीतही बसत नाही, कारण विश्वास ठेवणारा माणूस वैरागडेभाऊ होता आणि भाऊंनी आयुष्यात दुसऱ्या कुणाच्या शब्दावर वेळ लिहिली नव्हती.

भाऊ रेल्वेच्या वॅगन दुरुस्तीच्या कारखान्यात टाइमकीपर होते. रायपूरला आमच्या भिंतीला भिंत लागून त्यांचं घर. वडील वर्ध्याकडून रेल्वेच्या नोकरीनं आले आणि इथलेच झाले. भाऊंची बोली मात्र वर्ध्याचीच राहिली. बुटके, काटकुळे, सदऱ्याच्या आत गळ्यात तीन स्टॉपवॉच. एक चालायचं, दुसरं त्याची साक्ष द्यायचं आणि तिसरं त्या दोघांचं भांडण झालं तर. "पाच मिनिटात येतो" असं म्हणणाऱ्या माणसाशी ते बोलणं सोडायचे. स्वतः म्हणायचे, "चार मिनिट पन्नासमधी येतो," आणि यायचे. त्यामुळे आमच्याकडे त्यांच्यासाठी केलेला चहा कधीच निवला नाही आणि आमच्या घरातला दुसरा कुणीही त्या काळात सुखानं आंघोळ करू शकला नाही.

'अंदाजे' हा शब्द त्यांच्या घरात बंद होता. काकू, म्हणजे त्यांच्या पत्नी, वरणात मीठ अंदाजानं टाकायच्या. लग्नानंतर पहिली काही वर्षं भाऊ चमचा घेऊन चुलीजवळ उभे राहत. एके दिवशी काकूंनी त्यांना चमच्यासकट बाहेर काढलं आणि आतून कडी लावली. तेव्हापासून स्वयंपाकघर तेवढं स्वतंत्र झालं, बाकीचं घर भाऊंच्या घड्याळाखाली राहिलं.

एकदा मराठी मंडळात कुणाची तरी शोकसभा होती. अध्यक्षांनी दोन मिनिटं स्तब्ध उभं राहायला सांगितलं आणि अध्यक्ष उभे राहतात तितकेच राहिले. "ओम शांती" म्हणून सगळे खाली बसत होते, खुर्च्या कुरकुरत होत्या, तेवढ्यात मागून भाऊंचा आवाज आला.

"अठ्ठेचाळीस झाले. बहात्तर सेकंद बाकी आहे. उभे राहा."

आणि अख्खी सभा, गेलेल्या माणसाच्या विधवेसकट, पुन्हा उभी राहिली. मी भाऊंच्या शेजारी होतो. त्यांच्याबरोबर आलेला माणूस म्हणून लोकांनी माझ्याकडेही पाहिलं. ते बहात्तर सेकंद मी विसरलेलो नाही.

अशा या माणसाच्या हातात आमच्या शहरातली एकदिवसीय सायकल शर्यत होती. ती त्यांनी सुरू केली नव्हती. गोलबाजारातल्या एका सायकलविक्या शेठनं केली होती, आणि तीही खेळाच्या प्रेमानं नव्हे. भाऊंनी शर्यतीचा इतिहास लिहायला घेतला तेव्हा पहिलं पान यावरच खर्च केलं. पहिल्या शर्यतीत सायकलीला मडगार्ड, घंटी आणि मागे कॅरिअर असणं सक्तीचं होतं, कारण शेठच्या दुकानात तसल्याच सायकली उरल्या होत्या. जो पहिला आला त्याचा नंबर काढून घेतला, का तर वाटेत त्यानं कॅरिअर खोलून नाल्यात फेकलं होतं. दुसरा आला तो दूधवाला होता. त्यानं वाटेत दोन घरी दूध घातलं आणि तरी दुसरा आला. शेठनं त्याला हार घातला. लोक ही गोष्ट सांगताना दोनाची दहा घरं करतात. भाऊ दूधवाल्याच्या घरी जाऊन विचारून आले. दोनच.

पुढे शर्यत वाढली. गोलबाजारातून निघून बीरगावमार्गे बिलासपूर रोडनं सिमगा, बेमेतरा आणि त्याच रस्त्यानं परत. कॅरिअर गेले, घंट्या गेल्या, बारीक टायरच्या सायकली आल्या. रेल्वेचे, फौजेचे, बाहेरगावच्या कंपन्यांचे पगारी गडी यायला लागले. त्यांचं कामच सायकल चालवणं. उरल्याच्या कारखानदारांनी बक्षिसं द्यायचं कबूल केलं, पण अट घातली की शर्यत आमच्या दारावरून जाईल. म्हणून परतीचा रस्ता उरल्यातून वळवला आणि शेवट बीरगावात. आणि उरल्यात होतं रेल्वेचं फाटक.

कारखान्यांची मालगाडी यायची तिला ना वेळ ना काळ. एका वर्षी फाटकानं पहिल्या तिघांना पुढे सोडलं आणि बाकीच्यांच्या नाकासमोर ते पडलं. बीरगावात मारामारी व्हायची तेवढी राहिली. कुणीतरी म्हणालं, भाऊ, तुम्ही रेल्वेचे, त्या दिवशी गाडी थांबवा. भाऊंना हे इतकं लागलं की ते आठ दिवस त्या माणसाकडे बघत नव्हते. "गाडी आपल्यासाठी काहून थांबन?" ते म्हणाले. "आपण थांबू. पण मोजून थांबू."

मग त्यांनी नियम केला. फाटक बंद असताना पहिला गडी आला की घड्याळ सुरू. त्याच्या मागचे जितक्या वेळानं येतील तितकं अंतर लिहून घ्यायचं. फाटक उघडलं की पहिल्याला सोडायचं आणि मागच्यांना दोरी धरून तेवढाच वेळ अडवायचं. जो जितका पुढे होता तो तितकाच पुढे राहील. कागदावर सुंदर नियम. फक्त त्यासाठी फाटकावर एक जबाबदार माणूस हवा होता, आणि भाऊ स्वतः तर शेवटच्या रेषेवर.

त्यांनी मला निवडलं. का, ते मला आजवर कळलं नाही. मी वीज मंडळाच्या कचेरीत कारकून, पस्तिशीत, सायकल चालवणारा नव्हे, पाहणारा. तीन रविवार भाऊंनी मला अंगणात उभं करून घड्याळ दाबायला शिकवलं. अंगठा कसा ठेवायचा, श्वास कधी घ्यायचा. एक गोष्ट त्यांनी बजावून सांगितली.

"लेका मधू, गोल आकडा कोणी सांगतला का समजायचं, यानं पाह्यलं नाही. चाळीस, पन्नास, साठ, हे घड्याळात क्वचित येते. माणसाच्या तोंडात लई येते."

मी ही शिकवण फारच चांगली लक्षात ठेवली.

त्या वर्षी परतीला बिसाहू एकटाच पुढे आला. बिसाहू निषाद, बीरगावचाच गडी. उरल्यातल्या एका रोलिंग मिलमध्ये भट्टीसमोर लाल सळया चिमट्यानं ओढण्याचं काम करायचा. सायकलीवर घरी जाता-येता तो ट्रकांना मागे टाकतो हे मालकानं पाहिलं, भट्टीवरून काढलं आणि मिलच्या नावाची बनियन घालून पगारावर सायकल चालवायला ठेवलं. एक वर्षापुरतं. ही शर्यत जिंकला तर पुढेही सायकलीवर, नाहीतर परत भट्टीवर. हे सगळ्या बीरगावला माहीत होतं, मलाही होतं.

तो आला तेव्हा फाटक पडलेलं होतं आणि मालगाडी कोळशाच्या डब्यांची शेपटी ओढत चालली होती. मी घड्याळ दाबलं. बरोबर दाबलं, अंगठा शिकवल्याप्रमाणे. बिसाहू एक पाय जमिनीवर टेकून उभा, घाम गाळत मागे बघत होता. तेवढ्यात फाटकापाशीच्या भजीवाल्यानं मी आधी सांगून ठेवलेली भजी आणून दिली. दोना गरम. मी तो ज्या हातात घेतला त्या हातात घड्याळ होतं. पानातून तेल झिरपलं, बोटं भाजली, मी हात बदलला आणि अंगठा दुसऱ्या बटणावर पडला. काटा शून्यावर गेला आणि तिथेच बसून राहिला.

आता काय करायचं याचा विचार करत मी भजी खाल्ली. मी नेहमीच असा विचार करतो.

मग मागचे पाच जण आले. पंचांपैकी दोरी धरणाऱ्यानं ओरडून विचारलं, किती? सगळे माझ्याकडे बघत होते. चाळीस म्हणावं असं तोंडात आलं. मग भाऊंची शिकवण आठवली. गोल आकडा नको.

"एक्केचाळीस," मी म्हणालो.

फाटक उघडलं. बिसाहूला सोडलं, एक्केचाळीस सेकंदांनी पाचांना सोडलं. बीरगावात रेषेवर एका बाहेरच्या पगारी गड्यानं त्याला गाठलं आणि अर्ध्या चाकानं हरवलं. पुढच्या आठवड्यात बिसाहू भट्टीवर परत गेला. रिटायर होईपर्यंत तिथेच होता.

भाऊंनी माझ्या पाठीवर हात ठेवला. असं ते कुणाला करत नसत. "चाळीस नाही, बेचाळीस नाही. एक्केचाळीस. याले म्हणते टाइम पाहणं." मी मान खाली घातली. त्यांना तो विनय वाटला.

त्यानंतर दर वर्षी, शर्यतीच्या दिवसांत, बिसाहू भाऊंकडे यायचा. शर्यत बंद पडली, रस्ता चौपदरी झाला, फाटक जाऊन ओव्हरब्रिज आला, तरी यायचा. व्हरांड्यात चप्पल काढून बसायचा, काकूंच्या हातचा चहा प्यायचा आणि उठताना एकच वाक्य बोलायचा.

"मैं उहाँ दू मिनट ले जादा ठाढ़े रहेंव, बाबूजी."

दोन मिनिटांहून जास्त उभा होतो मी तिथे. आवाज चढलेला नाही, तक्रार नाही. आणि भाऊ, तितक्याच शांतपणे: "मधू ने देखा है, बिसाहू. इकतालीस." मी पलीकडे आमच्या अंगणात असलो तर नळ सोडायचो, म्हणजे पुढचं ऐकू येऊ नये. पुढचं काही नसायचंच. पंचवीस वर्षं हे चाललं. या काळात मी किती पाणी वाया घालवलं ते नगरपालिकेनं विचारलं नाही हे नशीब.

मग अलीकडे काही उत्साही मंडळींनी शर्यत पुन्हा सुरू करायचं ठरवलं आणि भाऊंचा इतिहास छापायचं कबूल केलं. भाऊंचं वय तेव्हा ऐंशीच्या पुढे. कितीनं पुढे ते त्यांनी दिवसांत सांगितलं असतं, मला आठवत नाही. छापण्याआधी त्यांनी मला व्हरांड्यात बोलावून प्रस्तावना वाचून दाखवली. त्यात एक वाक्य होतं. अचूक वेळ कशी घ्यावी याचा नमुना म्हणजे उरला फाटकावर श्री. मधुकर चिंचोळकर यांनी केलेली एक्केचाळीस सेकंदांची नोंद.

मी म्हणालो, भाऊ, ते वाक्य काढा. त्यांना पुन्हा विनय वाटला. मी म्हणालो, विनय नाही, भाऊ, भजी होती. आणि सगळं सांगितलं. बटण, दोना, गोल आकडा, सगळं. दारात काकू उभ्या होत्या. त्यांनी पदर तोंडाला लावला, पण त्या रडत नव्हत्या.

 मी शिव्यांची वाट पाहत होतो. शिव्या आल्या असत्या तर बरं झालं असतं. त्यांनी वही उघडली, पेनचं टोपण काढलं आणि विचारलं,

"भजे किती होते?"

"सहा."

"मागचे पोट्टे आले तवा कितवं तोंडात होतं?"

मी म्हणालो, भाऊ, पंचवीस वर्षं झाली. ते म्हणाले, वर्षं मले माहीत आहे, भजं सांग. मी डोळे मिटले. आणि आश्चर्य म्हणजे मला आठवलं. चौथं. कारण चौथ्यात मिरची होती आणि 'एक्केचाळीस' म्हणताना माझ्या डोळ्यांत पाणी होतं. लोकांना ते शर्यतीचं गांभीर्य वाटलं होतं.

"मंग मोजता येते," भाऊ म्हणाले.

पुढच्या रविवारी आम्ही उरल्याला गेलो. भाऊ, मी आणि बिसाहू. बिसाहूला भाऊंनी स्वतः घरी जाऊन सांगितलं होतं; मी सोबत जायला हवं होतं, मला त्या दिवशी ताप होता, म्हणजे मी तसं सांगितलं. ओव्हरब्रिजच्या खाली, जिथे फाटक होतं तिथे, आता ट्रक उभे राहतात आणि धूळ बसायचं नाव घेत नाही. भजीवाला तोच नव्हता पण भजी होती. भाऊंनी प्लॅस्टिकच्या खुर्चीवर बसून हुकूम सोडले. बिसाहूनं सायकल घेऊन, एक पाय टेकून, त्या वेळी उभा होता तसं उभं राहायचं. मी दोना घ्यायचा, बोट भाजल्यासारखं करून हात बदलायचा, आणि विचार करत चार भजी खायची. चौथं तोंडात गेलं की हात वर.

"कायचा विचार करू?" मी विचारलं.

"तवा जो करत होता तोच कर. खोटं कसं बोलायचं याचा."

पहिल्या वेळी दोन मिनिटं सव्वीस सेकंद. भाऊ म्हणाले, रद्द, मधी बोलला. दुसऱ्या वेळी भजी निवली होती म्हणून रद्द. तिसऱ्या वेळी एक मिनिट अडतीस. रद्द, कारण मी चिडून खाल्ली. मग भाऊंच्या लक्षात आलं की तेव्हा माझ्या तोंडात सगळ्या दाढा होत्या आणि आता डावीकडच्या दोन नाहीत. त्यांनी मला फक्त उजवीकडून चावून एकदा आणि दोन्हीकडून चावून एकदा खायला लावलं आणि फरक काढला. तीन रविवार, अकरा वेळा, चव्वेचाळीस भजी. तिसऱ्या रविवारी निघताना काकूंनी मला जेलुसिलची बाटली दिली आणि भाऊंना म्हणाल्या, "मारून टाकता का त्याले? मंग कोनाले विचारान?" भाऊ म्हणाले, "म्हणून तर आत्ताच विचारून राहिलो."

मी कंटाळलो होतो, वैतागलो होतो, पोटात जळत होतं. आणि समोर बिसाहू, साठीच्या पुढचा, अकराही वेळा एक पाय टेकून मागे बघत उभा राहिला. एकदाही बसतो म्हणाला नाही. शेवटच्या वेळी मी दोना फेकून हात पुसत होतो तेव्हा तो सायकल लावून माझ्याजवळ आला. पंचवीस वर्षांत तो माझ्याशी प्रथमच बोलत होता.

"भजिया मिठाय रिहिस, भैया?" त्यानं विचारलं. चवदार होती का भजी?

टोमणा असता तर उत्तर देता आलं असतं. त्याला खरंच जाणून घ्यायचं होतं. मी सांगितलं, हो, छान होती. त्यानं मान हलवली. निदान तेवढं तरी झालं, अशी.

त्या संध्याकाळी भाऊ वही घेऊन बसले. अकरा आकडे. सगळे एक्केचाळीसच्या कितीतरी वर, पण दोन एकसारखे नाहीत. मी म्हणालो, संपलं की मग, बिसाहू जिंकला, लिहा. भाऊ माझ्यावरच उखडले. काहून जिंकला? मागच्यांना खरं अंतर माहीत असतं तर ते जीव तोडून आले असते. किंवा नसतेही आले. कोणी पाह्यलं? जो पहिला आला त्याची काय चूक, त्याला तर भज्यांचं माहीतही नव्हतं. हे असं तासभर. मला वाटलं, आता हा माणूस हे पान कोरं ठेवून मरणार आणि तेही माझ्या नावावर लागणार.

मग त्यांनी पेन उचललं. पहिल्या जागेवर त्या बाहेरच्या गड्याचं नाव होतं, त्याच ओळीत, त्याच्या बरोबरीनं, बिसाहू निषाद असं लिहिलं. खाली टीप लिहिली. फाटकावरील अंतर, आणि इथे पेन थांबलं. इतकं थांबलं की शाईचा ठिपका पडला. मग लिहिलं, 'अंदाजे दोन मिनिटे'.

काकू खांद्यावरून वाचत होत्या. म्हणाल्या, "आज मीठ टाकलं तुमी."

 टीप अजून संपलेली नव्हती. त्यांनी पुढे लिहिलं आणि ते तसंच छापलं गेलं: श्री. म. चिंचोळकर भजी खात असल्यामुळे अचूक वेळ उपलब्ध नाही. शर्यतीच्या अख्ख्या इतिहासात माझं नाव एवढंच आहे. बिसाहूच्या घरी ते पान काचेत लावलेलं आहे. त्याच्याकडे येणारा प्रत्येक पाहुणा आधी त्याचं नाव वाचतो आणि लगेच खाली माझं.

भाऊ गेले त्याला आता दुसरा हिवाळा. किती वाजता गेले असं कुणी विचारलं की काकू मुद्दाम म्हणतात, "असतील पाच, अंदाजे." आणि मग उगाच भिंतीवरच्या भाऊंच्या फोटोकडे बघतात.

मला ते शेवटचे धडधाकट दिसले ते नव्या शर्यतीच्या दिवशी. आता सायकलीलाच चिप असते, वेळ आपोआप लागते. गडी ओव्हरब्रिजवरून जातात, गाडी खालून जाते, कुणी कुणासाठी थांबत नाही. तरी भाऊ सकाळपासून पुलाखाली फाटकाच्या जागेवर खुर्ची टाकून बसले होते. तिथून सायकली दिसत नाहीत. ट्रकांच्या आवाजामधून, वरून नुसती सरसर ऐकू येते. एक सरसर गेली की भाऊ बटण दाबायचे. दुसरी गेली की पुन्हा. कागदावर लिहायचे. मी म्हणालो, भाऊ, वर सगळं मशीन करते आहे. ते म्हणाले, मशीनले करू दे.

थोड्या वेळानं त्यांचे हात थकले. त्यांनी गळ्यातलं एक घड्याळ काढून शेजारी बसलेल्या बिसाहूच्या गळ्यात घातलं. एक त्यांच्या हातात होतं. तिसरं मांडीवर पडलं होतं. वरून तिसरी सरसर येत होती, मला ऐकू आली. मी आपसूक हात पुढे केला.

भाऊंनी ते घड्याळ उचलून सदऱ्याच्या खिशात टाकलं आणि वरून बोट दाबून धरलं.

"तुले नाही देत," ते म्हणाले. "तू भजे खाय."